गोदीतला हमाल ते माचिस्ते: बार्तोलोमेओ पगानोला नट म्हणायचं की नुसता पैलवान?

प्रश्न असा आलाय की इटलीच्या मूकपटांमधला बार्तोलोमेओ पगानो, म्हणजे ज्याला सगळं जग माचिस्ते म्हणून ओळखायचं तो, त्याला अभिनयाचं काहीही शिक्षण नव्हतं, गोदीत ओझी उचलणारा माणूस, मग तो पंधरा वर्षं स्टार म्हणून टिकला कसा, आणि त्याला नट म्हणायचं की नुसतं शरीर दाखवणारा पैलवान? आणि बघायला सुरुवात कुठून करायची? मी बरीच वर्षं मूकपटांच्या प्रिंट तपासणं, त्यांचे शो लावणं आणि त्यावर शिकवणं हे काम करतोय, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

आधी माझं मत सांगून टाकतो. पगानो नट होता आणि चांगला नट होता. त्याच्या ताकदीमुळे त्याला पहिलं काम मिळालं हे खरंच आहे, पण ताकद असलेली माणसं त्या काळात इटलीत पैशाला पासरी होती, सर्कशीतली, आखाड्यातली, जिम्नॅस्ट, आणि त्यातल्या बहुतेकांनी सिनेमेही केले, त्यातली नावं आज फक्त अभ्यासकांना माहीत आहेत. पगानो टिकला तो वेगळ्या कारणाने. ते कारण पडद्यावर दिसतं, फक्त सिनेमा नीट स्पीडला बघायला पाहिजे, त्याबद्दल पुढे बोलतोच.

पगानोचा जन्म १८७८चा, जेनोआजवळच्या सांतइलारियोचा. जेनोआच्या बंदरात तो हमाल. तिथल्या गोदी कामगारांची मोठी जुनी परंपरा आहे, जहाजातून पोती, पेट्या, कोळसा उतरवायचा, सगळं अंगावर. तेव्हा तोरिनो हे शहर इटालियन सिनेमाचं मोठं केंद्र होतं आणि तिथल्या इताला फिल्म या कंपनीचा सूत्रधार होता जोव्हान्नी पास्त्रोने. हा माणूस अतिशय पद्धतशीर, हिशोबी आणि तंत्राचं वेड असलेला. त्याच्या डोक्यात रोम विरुद्ध कार्थेज (उत्तर आफ्रिकेतलं प्राचीन राज्य) असा एक प्रचंड सिनेमा होता, 'काबिरिया', आणि त्यात एका रोमन माणसाचा बलदंड गुलाम हे पात्र होतं. त्यासाठी माणूस शोधता शोधता शोध जेनोआच्या गोदीत संपला. पगानो तेव्हा पस्तिशीत होता, म्हणजे स्टार व्हायचं वय तर सोडाच, त्या काळात अंगमेहनतीचं काम करणाऱ्याचं ते उतरणीला लागायचं वय.

आता पास्त्रोनेला गोदीतलाच माणूस का हवा असेल? त्याच्या आधीच्या वर्षी, १९१३ला, रोमच्या चिनेस कंपनीचा 'क्वो वादिस' आला होता, त्यात उर्सुस नावाचा बलवान होता, ब्रूतो कास्तेल्लानीने केलेला. त्याच वर्षी 'स्पार्ताकस'च्या कथेवरचा सिनेमा आला त्यात मारियो ग्वाइता हा अॅथलिट होता, घोटीव देहाचा, ग्रीक पुतळ्यासारखा उभा राहणारा. म्हणजे बलवान माणूस पडद्यावर चालतो हे सिद्ध झालेलं होतं. पण आखाड्यातला किंवा सर्कशीतला माणूस ताकद 'दाखवतो', तो उचलण्याच्या आधी थांबतो, पवित्रा घेतो, लोकांकडे बघतो, कारण टाळ्या घेणं हा त्याच्या धंद्याचा भाग आहे. हमाल असं काही करत नाही. त्याला दिवसभरात शेकडो वेळा वाकायचं असतं, त्यामुळे तो कमीत कमी हालचालीत वजन उचलतो आणि उचलून झालं की पुढे चालू लागतो. 'काबिरिया'त पगानो माणसं उचलतो ती तशीच, काखोटीला मारून, जणू हे रोजचंच काम. मला विचाराल तर त्याच्या सगळ्या अभिनयाचं मूळ इथे आहे.

'काबिरिया' १८ एप्रिल १९१४ला तोरिनोत पहिल्यांदा दाखवला गेला. गाब्रिएले दानुन्झियो हा तेव्हाचा इटलीचा सगळ्यात प्रसिद्ध कवी, त्याच्याकडून पाट्यांचा, म्हणजे मूकपटात मध्येमध्ये दिसणाऱ्या अक्षरांचा, मजकूर आणि पात्रांची नावं घेतलेली, माचिस्ते हे नावही त्याचंच, आणि जाहिरातीत तर असा आव की सगळा सिनेमाच त्याचा आहे. संगीतात इल्देब्रान्दो पिझ्झेत्तीसारखा संगीतकार. कॅमेऱ्याला सेगुंदो द चोमोन हा स्पॅनिश जादूगार. पास्त्रोनेने स्वतः पेटंट घेतलेल्या चाकांच्या गाड्यावर कॅमेरा हळूहळू सरकतो आणि आपल्याला सेटची खोली जाणवते, हे त्या काळात लोकांनी असं पाहिलेलं नव्हतं. या सगळ्या थाटामाटात, नरबळी घेणाऱ्या मोलोख देवाच्या प्रचंड देवळात, एट्ना ज्वालामुखीच्या उद्रेकात, आल्प्स ओलांडणाऱ्या कार्थेजच्या सेनापती हॅनिबलच्या सैन्यात, लोकांच्या लक्षात राहिला कोण, तर पगानो. दानुन्झियोच्या नावावर तिकिटं विकली गेली आणि लोक घरी जाताना गुलामाबद्दल बोलत गेले.

का लक्षात राहिला ते बघा. कथेत काबिरिया ही सिसिलीतली लहान मुलगी, चाचे पळवून नेतात, कार्थेजमध्ये मोलोखला बळी द्यायला ठेवतात, आणि फुल्विओ अक्सिल्ला हा रोमन आणि त्याचा गुलाम माचिस्ते तिला सोडवतात. पुढे पाठलाग होतो, मालक समुद्रात उडी मारून निसटतो, माचिस्ते मुलीला राजकन्या सोफोनिस्बाच्या हाती सोपवतो आणि स्वतः पकडला जातो. मग त्याला जात्याला साखळीने बांधून टाकतात. वर्षानुवर्षं तो ते जातं ओढत राहतो. बऱ्याच काळाने मालक परत येतो तेव्हा त्याला बघून माचिस्ते साखळी तोडतो. हा प्रसंग सगळे 'ताकदीचा सीन' म्हणून सांगतात पण नीट बघितलं तर साखळी तुटण्याच्या आधी चेहऱ्यावर जे घडतं ते खरं काम आहे, आधी डोळ्यात ओळख, मग विश्वास न बसणं, मग लहान मुलासारखा आनंद, आणि त्या आनंदाच्या भरात साखळी तुटते. म्हणजे ताकद ही भावनेचा परिणाम म्हणून येते. त्या वेळचे रंगभूमीवरून आलेले नट याच सिनेमात छातीवर हात, कपाळावर हात, डोळे वर असं काम करतायत, इतालिया अल्मिरान्ते मान्झिनीची सोफोनिस्बा मला फार आवडते पण तिची शैली ऑपेराची आहे, आणि त्यांच्या मध्ये हा हमाल साध्या माणसासारखा वागतो. शेवटी जहाजावर प्रेमी जोडपं एकीकडे आणि माचिस्ते पावा वाजवत बसलेला, ते बघताना कळतं की पास्त्रोनेला काय सापडलं होतं. ताकदवान माणसाची भीती वाटत नाही, उलट आधार वाटतो.

एक गोष्ट टाळून पुढे जाता येणार नाही. 'काबिरिया'त माचिस्ते आफ्रिकन गुलाम आहे आणि पगानोच्या अंगाला काळा रंग फासलेला आहे. १९११-१२ मध्ये इटलीने तुर्कांशी लढून लिबिया घेतला होता, उत्तर आफ्रिका आपलीच, रोमनांची, असा ज्वर देशात होता, आणि रोमने कार्थेजला हरवल्याचा सिनेमा त्या वातावरणात बनलाय. इमानदार काळा गुलाम, जो स्वतःसाठी काहीच मागत नाही, ही त्या ज्वराला सोयीची कल्पना आहे. मी शो लावतो तेव्हा हे आधी सांगतो, कारण पगानोचं काम आवडणं आणि हे ओळखणं दोन्ही एकाच वेळी करता आलं पाहिजे. पुढच्याच सिनेमात तो रंग गेला, गुलामगिरी गेली आणि माचिस्ते सूट घालणारा गोरा इटालियन झाला. ज्या देशाने काळ्या गुलामावर जीव टाकला त्याला आपला हीरो मात्र गोराच हवा होता, याला योगायोग म्हणता येत नाही.

तो पुढचा सिनेमा म्हणजे १९१५चा 'माचिस्ते', आणि करियरच्या दृष्टीने मला तो 'काबिरिया'पेक्षाही महत्त्वाचा वाटतो. पास्त्रोनेच्या देखरेखीखाली लुइजी रोमानो बोर्न्येत्तो आणि व्हिन्चेंझो देनिझो यांनी केलेला. गोष्ट अशी की एक मुलगी गुंडांपासून पळताना थिएटरमध्ये शिरते, तिथे 'काबिरिया' चालू असतो, पडद्यावर माचिस्ते दुबळ्यांना वाचवताना बघते आणि तिला वाटतं हाच माणूस मला मदत करेल, म्हणून ती सरळ इताला फिल्मच्या पत्त्यावर त्याला पत्र लिहिते. आणि तो येतो! १९१५ साली, बघा जरा, सिनेमाच्या आत सिनेमा, स्टुडिओ, फॅन, पत्र, सगळं. त्यात नट आणि पात्र यांच्यातली भिंतच काढून टाकली. जाहिरातीत, पाट्यांवर कलाकार म्हणून नाव 'माचिस्ते' एवढंच, बार्तोलोमेओ पगानो कुठेच नाही. कंपनीला हे फायद्याचं होतं कारण पात्राचं नाव कंपनीच्या ताब्यात असतं, पण नटाच्या बाजूने बघितलं तर हे फार विचित्र आयुष्य आहे, तुम्ही जगभर प्रसिद्ध आणि तुमचं नाव कुणाला माहीत नाही.

ही युक्ती इतालाला सुचली त्यालाही पार्श्वभूमी आहे. याच कंपनीने १९०९ला आंद्रे दीद या फ्रेंच विनोदी नटाला पॅरिसहून आणून 'क्रेतिनेत्ती' नावाच्या पात्राचे कितीतरी छोटे विनोदी सिनेमे काढले होते. म्हणजे एक चेहरा, एक नाव, दर वेळी नवीन भानगड, हा साचा कंपनीकडे तयार होता. माचिस्तेची मालिका हा तोच साचा मोठ्या लांबीच्या सिनेमाला लावलेला आहे. म्हणूनच माचिस्तेच्या सिनेमांमध्ये एवढी कॉमेडी आहे! लोक त्याला अॅक्शन हीरो म्हणून बघायला जातात आणि गोंधळतात. त्याचं जवळचं नातं विनोदी नटांशी आहे, मोठ्या देहाचा, सज्जन, खाण्याची आवड असलेला, वाईट माणसांना मारण्यापेक्षा त्यांची फजिती करण्यात रमणारा.

२४ मे १९१५ला इटली युद्धात उतरली आणि १९१६ला आला 'माचिस्ते अल्पिनो'. परत तीच सिनेमातल्या सिनेमाची गंमत, माचिस्ते आणि इतालाची टोळी सरहद्दीपलीकडे ऑस्ट्रियाच्या हद्दीत शूटिंग करत असते, तेवढ्यात युद्ध पुकारलं जातं आणि सगळे अडकतात, मग तो सगळ्यांना सोडवतो आणि पहाडी पलटणीत, म्हणजे अल्पिनीत, भरती होतो. हा उघड प्रचारपट आहे, त्यात शंका नाही. पण खरोखरच्या बर्फात, कड्यांवर केलेलं शूटिंग आणि त्यात पगानो शत्रूच्या सैनिकांना बुडावर लाथा घालत हाकलतो, दोघादोघांना मानगुटीला धरून नेतो, हे बघितल्यावर कळतं की लोकांना हा का आवडला असेल. त्याच वेळी त्या डोंगरांत खरी माणसं हजारोंनी मरत होती, गोठून, हिमकड्यांखाली, तोफांनी, आणि पडद्यावर कुणी फारसं मरतच नाही. मी हा सिनेमा एकटा कधी दाखवत नाही, आधी त्या आघाडीची खरी छायाचित्रं दाखवतो. तरीसुद्धा पगानोचं काम म्हणून बघाल तर त्याचं शरीर सगळ्यात मोकळं इथेच झालंय.

आता त्या स्पीडच्या मुद्द्यावर येतो, कारण 'हा काय अभिनय, कळसूत्री बाहुल्यासारखा तुरुतुरु पळतोय' अशी तक्रार दर शोनंतर एकजण तरी करतोच. मूकपट हाताने हँडल फिरवून घेतले जायचे, साधारण सोळा-अठरा फ्रेम सेकंदाला, कधी जास्त कधी कमी. बोलपट आल्यावर चोवीस ठरलं. जुना सिनेमा तसाच चोवीसने पळवला की सगळ्या हालचाली दीडपट होतात. कुठल्याही नटाचं यात नुकसान होतं पण पगानोचं सगळ्यात जास्त, कारण त्याचं सगळं काम वजनावर आहे. जड वस्तू उचलताना माणूस आधी पाय रोवतो, श्वास घेतो, पाठ एका लयीत वर येते, मग एक क्षण तोल सांभाळतो. हा वेळ कापला गेला की वजन नाहीसं होतं आणि पोत्यात कापूस भरलाय असं वाटतं. यूट्यूबवरच्या पुष्कळशा कॉप्या अशा पळणाऱ्या आहेत, त्यात स्पीड ०.७५ करून बघा, माणूस बदललेला दिसेल. शिवाय 'काबिरिया'ची जी आवृत्ती अनेक वर्षं सगळीकडे फिरली ती १९३१ला पास्त्रोनेनेच ध्वनी जोडून, कापाकापी करून परत काढलेली होती. तोरिनोच्या राष्ट्रीय सिनेमा संग्रहालयाने २००६ला मूळ १९१४च्या जवळ जाणारी आवृत्ती तयार केली, रंगांसकट, ती मिळाली तर तीच बघा.

रंगांसकट म्हणजे काय ते पण सांगतो. त्या काळी फिल्मला रंगात बुडवायचे, रात्र असेल तर निळा, आग असेल तर लाल, घरातला दिवा असेल तर पिवळट. पगानोच्या उघड्या अंगावर स्नायूंची उठावदार छाया दिसायची ती या रंगात आणखी खोल वाटते, काळ्या-पांढऱ्या कॉपीत ती सपाट होते.

आणि हो, ताकदीचे सीन खरे का खोटे असंही बरेच विचारतात. दोन्ही. साखळ्या आणि गज खरे नसायचे हे उघड आहे, तुटणारी कडी आधीच कमकुवत केलेली असायची. माणसं उचलणं मात्र बहुतेक वेळा खरं, पण त्यात उचलला जाणारा माणूसही मदत करतो, किंचित उडी मारतो, अंग ताठ ठेवतो, आणि पकड कमरेच्या पट्ट्याला असते. हे जमायला दोघांची लय जुळावी लागते, आजही स्टंटवाले तेच करतात. यात खोटेपणा काही नाही, हेच तर त्यांचं कसब.

१९१८ पासून १९२१पर्यंत माचिस्तेचे सिनेमे धडाधड आले: अॅथलिट माचिस्ते, पोलीस माचिस्ते, प्रेमात पडलेला माचिस्ते, सुट्टीवर गेलेला माचिस्ते वगैरे. त्यातले सगळेच चांगले आहेत असं मी म्हणणार नाही, काही अगदी घाईने केलेले आहेत. तोपर्यंत नकलाही सुरू झाल्या होत्या, लुचानो अल्बेर्तिनी सॅमसन म्हणून, कार्लो आल्दिनी एजॅक्स म्हणून, दोमेनिको गाम्बिनो साएत्ता म्हणून, अगदी आस्त्रेआ नावाची एक बाईसुद्धा ताकदीचे सिनेमे करत होती. यातले अल्बेर्तिनी आणि गाम्बिनो कसरतीत पगानोपेक्षा उजवे होते, छपरांवरून उड्या, दोरावरून झोके, असलं पगानोला कधीच जमलं नसतं. त्याने त्या वाटेला जायचा प्रयत्नही केला नाही. तो जमिनीवर राहिला आणि चेहरा वापरत राहिला.

मग इटालियन सिनेमाच कोसळला. १९१९ला मोठ्या कंपन्या एकत्र करून एक महासंघ काढला होता, त्यात पैसा वाया गेला, परदेशी बाजार अमेरिकेने घेतला, आणि १९२२-२३ पर्यंत स्टुडिओ एकेक करून थंडावले. दिग्दर्शक, नट, कॅमेरामन, बरेच जण बर्लिनला गेले. पगानोही गेला. तिथे कार्ल बोएझेसारख्यांबरोबर त्याने काही माचिस्तेपट केले. एका गोदी कामगाराचं नाव भाषा बदलली, देश बदलला तरी चालत होतं, हे मूकपटाचं बळ होतं, फक्त पाट्या बदलल्या की झालं.

परत आल्यावर त्याला आधार मिळाला तो स्तेफानो पित्तालुगाचा. पित्तालुगा हा मुळात थिएटरवाला आणि वितरक, त्याच्याकडे देशभर थिएटरं होती आणि त्यांना माल हवा होता. इटलीत सिनेमे बनणं जवळजवळ बंद पडलेलं असताना तोरिनोच्या फेर्त स्टुडिओत माचिस्ते मात्र चालू राहिला, कारण तो खात्रीने पैसे परत आणायचा. १९२४चा 'सम्राट माचिस्ते', मग १९२६ला तर तीन: शेखविरुद्ध माचिस्ते, सिंहांच्या पिंजऱ्यात माचिस्ते आणि 'नरकात माचिस्ते'. शेखवाला मारियो कामेरिनीने केला, तोच कामेरिनी ज्याने पुढे व्हित्तोरियो दे सिकाला बोलपटाचा नायक केलं. बाकीचे ग्विदो ब्रिन्योनेचे.

'नरकात माचिस्ते' हा माझ्या मते पगानोचा सगळ्यात पूर्ण सिनेमा आहे. सैतानाचा दूत पृथ्वीवर येतो, माचिस्तेला भुलवायला बघतो, जमत नाही म्हणून सरळ उचलून नरकात नेतो. नियम असा की जिवंत माणूस ठरलेल्या मुदतीत परत जाऊ शकतो, पण तिथल्या बाईचं चुंबन घेतलं तर कायमचा अडकला. नरकाची राणी प्रोझेर्पिना, ही भूमिका एलेना सांग्रोची, त्याला भुलवते आणि माचिस्तेचा केसाळ राक्षस होतो. मग नरकात बंड होतं, हा ते मोडून काढतो. शेवटी त्याला सुटका मिळते ती ताकदीमुळे मिळत नाही, नाताळच्या रात्री एका लहान मुलाच्या प्रार्थनेमुळे मिळते. सगळी दृश्यं दान्तेच्या नरकाची जी जुनी चित्रं आहेत त्या धर्तीवर रचलेली, ट्रिक फोटोग्राफी चोमोनची, लाल रंगात बुडवलेली. पगानो तेव्हा सत्तेचाळीस-अठ्ठेचाळीसचा. शरीर जड झालंय, पोट दिसतं, हाणामारीत कॅमेरा आणि कटिंग त्याला सांभाळून घेतात हे जाणकाराच्या डोळ्याला लगेच कळतं. पण चुंबनानंतर स्वतःच्या हाताकडे, अंगावरच्या केसांकडे बघतानाचा त्याचा चेहरा, आधी लाज मग एक प्रकारची खुशी, असं काम तो 'काबिरिया'त करू शकला नसता. पुढे दिग्दर्शक झालेल्या फेदेरिको फेल्लिनीने लहानपणी वडिलांच्या कडेवर बसून पाहिलेला हा सिनेमा, फेल्लिनी आयुष्यभर त्याबद्दल बोलत राहिला, आणि त्याच्या सिनेमातल्या अवाढव्य बायका बघितल्या की प्रोझेर्पिना कुठे गेली ते समजतं.

मुसोलिनीचं काय, हा प्रश्न इथे येतोच. छाती पुढे, हनुवटी वर, हात कमरेवर, दोघांचे फोटो शेजारी ठेवले की साम्य डोळ्यात भरतं. पण क्रम लक्षात घ्या, माचिस्ते १९१४चा आणि मुसोलिनी सत्तेवर आला ऑक्टोबर १९२२ला. लोकांना जो बलवान, रांगडा, सामान्यातून आलेला माणूस आधीच आवडत होता त्याची ढब राजकारण्याने उचलली असं म्हणणं मला जास्त पटतं. 'सम्राट माचिस्ते'त तो एका काल्पनिक राज्याचा कारभार हाती घेतो, ते १९२४च्या इटलीत कुणी कसं बघितलं असेल याचा विचार करताना अंगावर काटा येतो. पण पगानोच्या माचिस्तेत एक गोष्ट आहे जी त्या दुसऱ्या माणसात कधीच नव्हती, तो स्वतःवर हसू देतो. अडखळतो, लाजतो, खाताना पकडला जातो.

१९२७च्या सुमारास त्याने माचिस्ते सोडला, आणि 'तो फक्त शरीर दाखवायचा' म्हणणाऱ्यांनी हा भाग मुद्दाम बघावा. बाल्दास्सार्रे नेग्रोनीच्या दिग्दर्शनाखाली त्याने मोंचेनिझिओच्या घाटातल्या गाडीवानाची मेलोड्रामाची भूमिका केली, 'शेवटचे झार' केला, आणि १९२९ला 'जुदित्ता आणि ओलोफेर्ने'त ओलोफेर्ने, म्हणजे क्रूर सेनापती, खलनायक. पन्नाशीच्या माणसाने, ज्याला देशभर पोरं माचिस्ते म्हणून हाका मारत होती, त्याने डोकं छाटलं जाणारा सेनापती करावा, याला धाडस लागतं. मग बोलपट आला आणि त्याचं करियर संपलं. तो सांतइलारियोला परतला, तिथल्या त्याच्या घराचं नाव व्हिला माचिस्ते. १९४७ला जेनोआतच वारला.

१९६०पासून इटलीत तेलकट अंगाच्या बॉडीबिल्डरांचे जे पौराणिक सिनेमे निघाले त्यात माचिस्ते परत आला, मार्क फॉरेस्ट, गॉर्डन मिचेल वगैरे अमेरिकन मंडळी घेऊन. पहिला, 'राजांच्या खोऱ्यात माचिस्ते', कार्लो काम्पोगाल्लियानीने केला, ज्याने १९२०ला खुद्द पगानोबरोबर माचिस्तेची तीन भागांची मालिका केली होती, तेवढाच धागा. बाकी या नव्या माचिस्तेंमध्ये शरीर पगानोपेक्षा शंभरपट रेखीव आहे आणि चेहऱ्यावर काहीही घडत नाही. मूळ प्रश्नाचं उत्तर यातच मिळतं, नुसतं शरीर पुरेसं असतं तर हे सगळे त्याच्यापेक्षा मोठे स्टार झाले असते.

बघायचा क्रम: पहिल्यांदा 'काबिरिया'ने सुरुवात करू नका, तो मोठा आहे, दमवतो आणि पगानो त्यात मध्येमध्ये येतो. आधी १९१५चा 'माचिस्ते' बघा, मग 'काबिरिया', म्हणजे त्या थिएटरातल्या मुलीने पडद्यावर काय पाहिलं ते तुम्ही पाहाल. मग 'माचिस्ते अल्पिनो', आणि शेवटी 'नरकात'. रिस्टोअर केलेल्या कॉप्या बोलोन्याच्या आणि तोरिनोच्या संग्रहालयांमुळे मिळतात, महोत्सवांत लागतात, डिस्कवरही आल्यात. पियानो किंवा लाइव्ह संगीताबरोबर बघायची संधी मिळाली तर सोडू नका, आणि घरी बघत असाल तर फोन लांब ठेवून, मध्ये न थांबवता बघा, कारण पगानोचं काम एका फ्रेममध्ये सापडत नाही, त्याला उचलायला, थांबायला आणि हसायला जो वेळ लागतो त्यात ते आहे.